हिरेमठबाई आणि मागचं फाटक

ईशा, नील, तुमच्या या आजीच्या खालच्या मजल्यावरच्या हिरेमठबाईंना तुम्ही कधी भेटला नाहीत. गेल्या महिन्यात त्या गेल्या, म्हणून लिहून ठेवते. त्या समाजशास्त्राच्या प्राध्यापक. कोणाच्याही घरी गेल्या की बेल वाजवण्याआधी वाकून दारातल्या चपला बघायच्या. मी कारण विचारलं तर म्हणाल्या, "घरात कोण राहतं ते रेशनकार्ड सांगतं. कोण येतं-जातं ते चपला सांगतात की."

निवृत्तीनंतर त्यांनी विषय घेतला होता, फ्लॅटमध्ये एकटी राहणारी म्हातारी माणसं. त्यासाठी लांब जावं लागलं नाही. सात रस्त्याजवळच्या आमच्या इमारतीत बहुतेकांची मुलं पुण्याला नाहीतर परदेशात. "तुम्ही माझा अभ्यासविषय आहात, जरा नीट वागा," असं मला जिन्यात ऐकवायच्या. काही नवं कळलं की कानडीत "हौदा?", म्हणजे "असं का?", म्हणत भाजीची पिशवी खाली ठेवून तिथंच उभ्या राहायच्या.

मध्यंतरी इमारतीतून एक सायकल चोरीला गेली आणि मागचं फाटक कायमचं बंद करायची टूम निघाली. मागच्या वस्तीतल्या बायका तिथूनच यायच्या. कोणी धुणंभांडी करायला, तर गौरव्वा कडक भाकरी विकायला. पुढून यायचं तर मोठा वळसा. त्यांचं येणं थांबणार हे उघड होतं. बैठकीला सेक्रेटरी जोशी नवं कुलूप घेऊनच आले.

मला वाटलं, बाई भाषण करणार. त्यांनी एवढंच विचारलं, "कालपासून तुमच्या दाराशी कोण येऊन गेलं?" आणि एकेकाकडे बघत राहिल्या. भांडीवाली. गौरव्वा. पुन्हा गौरव्वा. शेजाऱ्याचं नाव कोणी घेतलं नाही.

"जोशीसाहेब, तुमच्याकडे?"

"गौरव्वाच. कडक भाकरी मला चावत नाही, माहीत आहे तिला. तरी थांबून विचारते, 'सायब, जेवला का न्हाय?'"

"हौदा? मग तुम्ही काय सांगता?"

जोशी कुलूप या हातातून त्या हातात करत राहिले. "जेवलो म्हणतो."

"आणि जेवलेले असता?"

जोशींनी कुलूप टेबलावर ठेवलं. फाटक फक्त रात्री बंद ठेवायचं ठरलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाई डबा घेऊन जोशींकडे निघालेल्या दिसल्या.

"अभ्यासाला का?" मी विचारलं.

"नाही हो, जेवायला. तुम्हीही चला. येताना तुमचं ताट आणा. एकट्या माणसाची बाकीची ताटं माळ्यावर गेलेली असतात."