चंद्री गडी

चंद्री मोठ्यांशी बोलताना मान खाली घालत नसे. अकरा वर्षांची काटकुळी पोर, पण समोरच्याच्या डोळ्यांत बघून उत्तर द्यायची. कडावात ती आमच्या शेजारी राहायची. मी तिच्याहून दोन वर्षांनी लहान, सदा तिच्या मागे मागे.

तिचा बाबा ब्रह्मदेशच्या लढाईवरून परतला तो उजवा हात तिकडेच ठेवून. आल्यापासून ओटीवर भिंतीकडे तोंड करून बसायचा. हाक मारली तरी वळायचा नाही. आई दुसऱ्यांच्या शेतात राबून घर चालवत होती. ते कसत ते भाताचं शेत खोताच्या मालकीचं. पडीक राहिलं तर दुसऱ्याला देईन, असा खोताचा निरोप आला.

चिखलणीच्या दिवसांत जो तो आपल्या शेतात अडकलेला. एका सकाळी चंद्रीने बैल जुंपले आणि स्वतःच नांगर धरला. बाईमाणसाने नांगराला हात लावायचा नाही, ही तेव्हाची रीत. बांधावर माणसं जमली. म्हातारे पाटील ओरडले, "पोरी, सोड तो नांगर! पाऊस रुसंल गावावर."

"रुसू दे. बाबाचा हात गेला तवा कोन रुसलं?"

"तू काय गडी हायेस?"

"आजपासनं हाय."

तेच नाव पडलं. पोरं "गडी, गडी" म्हणून चिडवत. तिने वळून "काय रं?" म्हटलं की पळत सुटत.

तिच्या तळव्यांना फोड आले, फुटले. हळद लावताना मलाच रडू येई. "तू पण रड की गं," मी म्हटलं.

"शेत झालं का रडंन."

तिसऱ्या दिवशी बैल चिखलात बसले. ती ढकलत होती, घसरून पडत होती. बांधावरचं कुणी खाली उतरेना. तेवढ्यात आवाज आला, "आधी ढवळ्याला उठव गं!" बाबा आला होता. तो तसाच चिखलात उतरला आणि डाव्या हाताने त्याने कासरा धरला. दोघांनी मिळून शेत पुरं केलं. पाऊस काही रुसला नाही. खोताचा माणूस आला, उभं पीक बघून आल्या पावली परत गेला. चंद्री मात्र रडायची राहूनच गेली.

चार वर्षांनी तिच्या लग्नाची बोलणी सुरू झाली. दोन स्थळं 'गडी' हे नाव ऐकूनच फिरली. तिसरं खालापूरकडचं. मुलाच्या बापाने विचारलं, "सैपाक येतो का गं?"

"येतो. नांगर बी येतो. चालंल का, ते आधी सांगा."

आईने कपाळाला हात लावला. मुलाच्या बापाने तिच्याकडे नीट बघितलं आणि तो म्हणाला, "आमचं शेत उताराचं हाय. जमंल?"

चंद्री म्हणाली, "बघितल्याबिगर कसं सांगू? उद्या येते बाबासंगं."