दारातून कुणाला जाऊ न देणारा

अगं, नीट बस जरा. आणि हे वाचताना तरी तो टीव्ही बंद कर. ‘मावशी, या वयात कुत्रा?’ असं फोनवर विचारायचं आणि उत्तर ऐकायच्या आत ‘चल, ठेवते’ म्हणायचं, ही कुठली रीत? आता पुरतं ऐक.

कुत्रा लेकाच्या ऑफिसातल्या फ्रेंच साहेबाचा. साहेब देश सोडून गेला आणि हे अस्वल आमच्या शारजातल्या अल नहदाच्या फ्लॅटमध्ये आलं. ब्रिआर म्हणतात त्या जातीला. तिकडे मेंढ्या राखतात म्हणे. इकडे फारसे दिसत नाहीत. डोळ्यांवर झिपऱ्या, अंगभर लांब केस, मागच्या पायांना आतून दोन-दोन जादा नख्या! मी म्हटलं, उकडून मरेल, भादरून टाका. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, नको, तेच केस ऊन अडवतात. तेव्हापासून रोज विंचरत बसते, नाहीतर गुंता होतो. जादा नख्या जमिनीला घासत नाहीत, त्या आठवणीने कापायच्या. फिरायला नेण्याआधी मी फुटपाथवर तळहात टेकवून बघते. मला पोळलं तर त्यालाही पोळणारच ना?

तर संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. बायका बसल्या होत्या तोवर हा कोपऱ्यात गप्प. पण आपलं कसं, ‘येते हं’ म्हणून उठायचं आणि खऱ्या गप्पा दारातच मारायच्या! एक लिफ्टकडे, एक चपलांपाशी, एक विसरलेल्या पर्ससाठी परत आत. हा उठला. सगळ्यांभोवती फिरून नाकाने ढकलू लागला, आणि लिफ्टकडे निघालेलीचा पदरच दातात धरला. टर्रकन फाटला.

“चावला, चावला!”

“आजी, ही वॉज नॉट बायटिंग!” नात रडकुंडीला आली.

लेक म्हणाला, “खलास, आई. बिल्डिंगमध्ये तक्रार गेली तर आपल्यालाच घर सोडावं लागेल.”

शारजाबाहेर त्याच्या एका अरबी मित्राचं शेत आहे, तिथे याला कायमचं सोडायचं ठरलं. नात जेवेना. मी त्याचा कंगवा पिशवीत भरला आणि उगाच पुन्हा बाहेर काढून पुसला.

शेतावर पोचलो, तर चारा टाकताना फाटक उघडं राहिलेलं. शेळ्या भसाभस बाहेर! काही थेट हमरस्त्याकडे, जिथून ट्रक धावत होते. नातीच्या हातातला पट्टा सुटला आणि हा सुसाट. मी डोळेच मिटले. म्हटलं, आता फाडणार एखादीला.

उघडले, तर काय सांगू तुला! भुंकणं नाही, शिवणं नाही. सगळ्यात लांबच्या शेळीच्याही पलीकडून मोठा वळसा घेतला त्याने, मग लहान, मग आणखी लहान. त्या पांगलेल्या शेळ्या ओंजळीत पाणी जमावं तशा गोळा झाल्या आणि मुकाट फाटकातून आत. एसीत वाढलेला, जन्मात शेळी न पाहिलेला प्राणी गं! कुणी शिकवलं याला? माझे हात आपोआप जोडले गेले. आणि लक्षात आलं, आमच्या दारातही याने हेच केलं होतं.

मित्र ओरडला, “हबीबी, याला ठेवूनच जा! मला हवाच हा!”

तेवढ्यात हा धापा टाकत आला. समोर ठेवलेल्या पाण्याकडे बघितलंही नाही. आधी नातीला गुडघ्यामागून ढकललं, मग मला, मग लांब उभ्या लेकाला. आम्ही तिघं एकमेकांना चिकटलो, तेव्हा कुठे पाण्यात तोंड घातलं.

लेकाने नाक ओढलं. “सॉरी, हबीबी,” मित्राला म्हणाला. आणि मला, “यल्ला आई, गाडीत बस. त्यालाही घे.”

आता सुट्टीच्या दिवशी त्याला शेळ्यांकडे नेतो. घरात शहाण्यासारखा असतो. पदर मी रफू करून दिला, तक्रारही गेली नाही. ती पदरवाली मैत्रीणही येते, फक्त निरोप बसूनच घेते.

तेव्हा तूही ये लवकर, बहाणे पुरेत. आणि परतीचं विमान उशिराचं बघ. तो सहजी सोडणार नाही तुला, आणि मीही नाही.