सोफ्यामागची बाई

मालिकेच्या सेटवर तिला तोंडावर ताई म्हणत, पाठीमागे ‘कात्री’. लेखकाचा चार पानी प्रसंग ती पेन्सिलीने दीड पानावर आणायची. “घरात एवढं बोलायला वेळ कुणाला असतो?” हे तिचं पालुपद.

ती आली कपड्यांच्या खात्यातून. मागच्या प्रसंगात कुणाच्या शर्टाचं कुठलं बटण उघडं होतं, हे वहीत टिपून ठेवायचं, हे तिचं काम. सहा वर्षं तेच केलं. एके दिवशी सकाळी नायकाशी वाजलं आणि दिग्दर्शक तडक निघून गेला. पन्नास माणसं हात बांधून बसली. निर्माता तिच्याकडे वळला. “तुला सगळं तोंडपाठ आहे ना? मग घे उरलेला प्रसंग.” तिने घेतला. संध्याकाळी घरी सांगितलं तेव्हा नवरा म्हणाला, “छान. पण उद्या डबा नेणार आहेस ना?”

त्यानंतर तेवीस वर्षं तिने रोजच्या मालिका दिग्दर्शित केल्या. सासूबाई मात्र त्याच वेळेला दुसऱ्या वाहिनीवरची मालिका बघायच्या. “तुझ्या मालिकेतली सून फार शहाणी आहे गं, खरी वाटत नाही.” ती हसून सोडून द्यायची.

सर्वांत लांब चाललेल्या मालिकेत आजीचं काम करणाऱ्या बाईंना सगळे आक्का म्हणत. रंगभूमीवर मुरलेल्या, आवाज खणखणीत. त्या वाक्यं विसरू लागल्या. आधी सगळ्यांनी ते थट्टेवारी नेलं. मग एका साध्या प्रसंगाला अकरा वेळा कॅमेरा फिरवावा लागला. वाहिनीचा माणूस येऊन म्हणाला, “आजीला जिन्यावरून पाडा. शुक्रवारच्या भागात उरकून टाका.”

“बघते,” ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी तिने सोफा भिंतीपासून हातभर पुढे ओढायला लावला. स्क्रीनसमोर आपल्या जागी सहायकाला बसवलं आणि स्वतः सोफ्यामागे पाटावर बसून आक्कांना एकेक वाक्य कुजबुजत देऊ लागली. ऐकायला आक्का क्षणभर थांबायच्या, मग बोलायच्या. पडद्यावर तो विराम भारी दिसला. प्रेक्षकांची पत्रं आली, आजीचं काम काय मुरलंय! वाहिनीचा माणूस जिना विसरला.

“मी अडणार हे तुला आधीच कसं कळतं गं?” आक्कांनी एकदा विचारलं.

“तुमची करंगळी हलते.”

“बघ की! साठ वर्षांत मला नाही कळलं.”

असे चौदा महिने गेले. एका दुपारी, कॅमेरा चालू असताना, आक्का मागे वळल्या आणि खाली वाकून म्हणाल्या, “कोण गं तू? इथे जमिनीवर का बसलीस?”

“कट,” ती मागूनच म्हणाली. मग उठून आक्कांच्या शेजारी बसली. “मी इथेच काम करते.” आक्कांनी तिच्या गालावरून हात फिरवला. “बरं हो. जेवलीस का?”

त्यांच्या मुलीला तिने स्वतः फोन करून आक्कांना घरी न्यायला सांगितलं. आजीला मालिकेत मारायला तिने नकार दिला, आजी धाकट्या लेकाकडे राहायला गेली असं दाखवलं, आणि अधूनमधून कुणी ना कुणी म्हणत राहिलं, “आजीचा फोन आला होता.” वाहिनीला ते रुचलं नाही. दीड वर्षाने मालिका संपली, पुढची तिला मिळाली नाही. भांडण झालं नाही. नुसते फोन यायचे थांबले.

आता ती एका अभिनयशाळेत सकाळचे वर्ग घेते. गुडघे वाकत नाहीत, म्हणून उभ्यानेच शिकवते. मुलं पहिल्या दिवशी मोठमोठ्याने बोलून दाखवतात. ती त्यांना जोडीजोडीने बसवते आणि सांगते, “आधी समोरच्याचं ऐका. तुमची पाळी येईलच.”