डोरसीचा डावा हात

डोरसी स्टॅम्परला बसवत नसे. बसायचा तो फक्त गाडी चालवताना. येशूची गाणी गिटारवर, आपल्या डोंगरी, रांगड्या चालीत गात तो तीस वर्षं ओहायोपासून जॉर्जियापर्यंत हिंडला. दर रविवारी नवं चर्च, आणि प्रार्थनेनंतर अंगणात जेवणाची भांडी उघडायच्या आत पठ्ठ्या पसार. गाडी कायम रस्त्याकडे तोंड करून लावलेली. "स्वर्गातल्या घराची गाणी गातोस, आणि स्वतःच्या घरात तीन दिवस टिकत नाहीस," असं सुनावून बायको माहेरी निघून गेली, तेव्हाही तो टेनेसीत कुठेतरी माइकपुढे उभा होता.

ही वळवळ सुरू झाली केंटकीच्या डोंगरात, लॉस्ट फोर्कला. वडील एलिहू आठवडाभर कोळशाच्या खाणीत आणि रविवारी चर्चमध्ये गाण्याचे पुढारी. त्या चर्चमध्ये वाद्याला बंदी. पुढारी एक ओळ झरझर म्हणतो, मग सगळे मिळून तीच ओळ सावकाश, लांबवत गातात. ठेका म्हणून नाहीच. एकोणिसाव्या वर्षी डोरसीने टपालाने गिटार मागवली. एलिहूंनी खोकं उघडून पाहिलं आणि एवढंच म्हणाले, "ही या घरात राहायची नाही."

"मग मीही नाही," डोरसी म्हणाला, आणि खरंच निघाला.

ओहायोतल्या डेटनच्या कारखान्यात राबला, गुत्त्यांत गायला, नाकातोंडात जाईस्तोवर प्यायला, आणि एके दिवशी तंबूतल्या प्रार्थनेत हमसून हमसून रडत गुडघ्यांवर आला. तिथून पुढे फक्त देवाची गाणी. त्याने बांधलेलं, घरी नेणाऱ्या पुलाचं गाणं तर रेडिओवर दोन वर्षं गाजलं, लॉस्ट फोर्कलाही घरोघरी वाजलं. डॅडींनी ते ऐकलं की नाही, हे मात्र त्याला कोणी सांगितलं नाही, आणि विचारायची त्याची छाती झाली नाही. त्याला एका जागी बसू न देणारी टोचणी ती हीच. बाकीची कारणं ज्याला सांगायची त्याने खुशाल सांगावीत.

सत्याऐंशी सालच्या ऑगस्टात बहिणीचा, आर्व्हेलाचा फोन आला.

"आईच्या आठवणीची सभा आहे रविवारी. दर वर्षी टाळतोस. डॅडींचा आवाज चाललाय रे, पुढच्या वर्षी काही ते गाणं घेणार नाहीत. ये. आणि ती गिटार गाडीतच ठेव हं!"

"चारला नॉक्सव्हिलला कार्यक्रम आहे माझा."

"तुझा कधी नसतो?"

आला तो. पण दाराशीच उभा राहिला, डाव्या मुठीत गाडीची किल्ली. चौऱ्याऐंशी वर्षांचे एलिहू उठले, त्यांनी पहिली ओळ दिली, लोकांनी गायली. दुसऱ्या ओळीच्या मध्यावर त्यांचा आवाज तुटला. तोंड उघडं, शब्द नाही. लोकांच्या हातातले वारा घ्यायचे पुठ्ठ्याचे पंखे जागीच थांबले. एलिहूंचं काम एलिहूंच्या देखत कोण उचलणार?

डोरसीने उचललं. आणि सवयीने घात केला. पायाने ठेका धरला, शेवटच्या शब्दावर त्याने झकास मुरकी घेतली आणि लोकांसाठी थांबला. कोणी गायलंच नाही. त्या ठेक्यावर पाऊल कुठे ठेवायचं, हेच कोणाला कळेना.

"हा रेडिओ कोणी लावला गं?" एक म्हातारी पुटपुटली, आणि दोन बाक खुसखुसले.

डोरसीचे कान तापले. आईच्या सभेत, बापाच्या डोळ्यांदेखत फजिती! दार दोन पावलांवर होतं. त्याने किल्ली आवळली. मग बूट जमिनीवर दाबून धरला आणि तीच ओळ पुन्हा घेतली, साधी, लहानपणी खाणीच्या धुळीचा वास असलेल्या डॅडींच्या मांडीवर ऐकली होती तशी: "नदी ओलांडून गेली आई, मी अजून या काठाला."

सगळं चर्च एका दमात गाऊ लागलं. पुढची ओळ, त्याच्या पुढची. गाणं चालू असतानाच उठून सगळ्यांनी सगळ्यांशी हात मिळवायचा, ही तिथली रीत. एलिहूही काठी टेकत व्यासपीठावरून उतरले. एकेक बाक करत ते दाराकडे येऊ लागले. आपल्याला वगळलं तर? डोरसीने घाबरतच उजवा हात पुढे केला.

म्हाताऱ्याने तो बाजूला सारला आणि डावा धरला. मूठ उघडली. किल्ली खाली पडली. बोटांची टोकं त्यांनी अंगठ्याने एकेक चाचपली. तारांनी पडलेले घट्टे होते, त्यांच्या स्वतःच्या हातावरच्या फावड्याच्या घट्ट्यांसारखे.

"दुखतात का रे अजून?" घोगऱ्या आवाजात त्यांनी विचारलं.

"नाही, डॅडी."

"मग ते पुलाचं गाणं एवढं रडत का गातोस?"

लोकांची ओळ गाऊन संपली. पुढची द्यायची होती, पण डोरसी डॅडींचा हात धरूनच उभा राहिला. सगळे वाट बघत उभे होते. एलिहूंनी शेवटच्या बाकावर आर्व्हेलाला सरकायला सांगितलं, आणि डोरसी बसला.