फवारणी पंपाची नळी

युसूफ वडगावात गॅसची शेगडी बिघडली की लोक पंचशीलाच्या टपरीवर जातात. अंबाजोगाईला एका मिस्त्रीच्या हाताखाली काम शिकून तिनं ही टपरी टाकली. सुरुवातीला लोक विचारायचे, "मिस्त्री कुठं गेलाय?" ती म्हणायची, "हितंच बसलाय," आणि शेगडी उघडायला घ्यायची.

अर्जुनरावांच्या घरची शेगडी मात्र ती सात वर्षं ओसरीवरच दुरुस्त करत होती. त्यांची आई बायनाबाई शेगडी बाहेर आणून ठेवायची. आत का घेत नाहीत, ते कुणी सांगितलं नव्हतं. पंचशीलाला विचारायची गरज नव्हती.

मार्चमध्ये निरोप आला, घरात गॅसचा वास येतोय. ती पोचली तेव्हा शेगडी ओसरीवर हजर होती.

"आजी, शेगडी भायेर आली, पण वास आतच हाय," ती म्हणाली. "टाकी कुठंय?"

म्हातारीनं लेकाकडं पाहिलं. लेकानं छताकडं पाहिलं. पंचशीला चप्पल काढून शेगडीसकट आत गेली.

तिनं टाकीचा रेग्युलेटर बंद असल्याचं पाहिलं, खिडक्या उघडल्या, लाइटीच्या बटणाला कुणी हात लावायचा नाही म्हणून बजावलं. वास गेल्यावर शेगडी जोडली. तेवढ्यात अर्जुनराव काडेपेटी घेऊन आले. "काडी लावून बघू का, कुठून निघतोय?"

"काडीनं दिसतंय, मालक. पण मागून सांगायला कुणी उरत न्हाई." तिनं काडेपेटी काढून घेतली.

मग साबणाचा फेस जोडांना लावून तिनं रेग्युलेटर चालू केला. नळीच्या तोंडाशी बुडबुडे फुगायला लागले. तिनं लगेच बंद केला.

"ही नळी कशाची?"

"फवारणी पंपाची," अर्जुनराव म्हणाले. "लई मजबूत हाय."

"पंपाला हाय. गॅसनं ती कडक पडती, अन् रेग्युलेटरच्या तोंडाला घट्ट बसतच न्हाई. म्हणून तुमी वरून तार गुंडाळली."

तिनं शिक्का आणि तारीख असलेली नारिंगी नळी शेवटपर्यंत दाबून बसवली आणि पुन्हा फेस लावला. बुडबुडा उठला नाही.

बायनाबाई गुडघ्यावर हात ठेवून खाली बसली. "परत लाव. मला बघू दे."

पंचशीलानं फेसाची वाटी तिच्याच हातात दिली. म्हातारीनं दोन्ही जोड नीट माखले.

"असं कवा बघायचं?"

"टाकी बदलली की. अन् नळी पाच वर्षांनी बदलायची."

म्हातारीनं मान हलवली, चहाचं आधण ठेवलं आणि पाट सरकवला. "बस."

पंचशीलाला पुढं आणखी एका घरी जायचं होतं. तरी ती बसली, आणि चहा तिनं अगदी सावकाश घेतला.