केशरबाईची लसणाची माळ

आंबिवलीला स्टेशनापासून दहा मिनिटांवर चाळीत राहणाऱ्या केशरबाईला तुम्ही ओळखत नाही, पण तिचं तोंड तुमच्या घरात आहे. पोह्यांच्या चिवड्याच्या पिवळ्या पाकिटावर डोक्यावर पदर घेऊन जी बाई हसते ना, तीच. आता बघून ओळखू येणार नाही. पहिल्या मालकाने तिच्या कपाळावरचं गोंदण पुसलं, दुसऱ्याने दात सरळ केले, तिसऱ्याने फोटोच काढून टाकला आणि तिथे गोरंपान चित्र घातलं. मालकागणिक बाई तरुण होत गेली. खरी केशरबाई बहात्तरची आहे. पाकीट हातात घेऊन म्हणते, "ही माझी धाकटी भन असंल."

मी प्रभाकर. तो चिवडा पुढे जिथे बनला त्या ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या कारखान्यात चव आणि वजन तपासायचं काम मी सव्वीस वर्षं केलं. आता रिटायर होऊन डोंबिवलीत बसलोय. ही हकिगत सांगताना माझीच लाज निघणार आहे, तर निघू दे.

केशरबाई मूळची जुन्नरकडची. नवरा धोंडीबा शहाडच्या एका कारखान्यात होता. तो गेल्यावर ही त्याच कारखान्याच्या गेटासमोर, शिफ्ट सुटायच्या वेळी, चिवड्याच्या पुड्या घेऊन बसायला लागली. मोजमाप नावाला नाही, सगळं मुठीवर. करताना चव घेऊन बघायची नाही, कारण पहिली मूठ देवापुढे जायची आणि देवाला उष्टं कसं ठेवणार? मीठ बोटांनाच कळतं म्हणायची. कळायचं हे खरं. मी एवढी यंत्रं वापरली, पण तिची बोटं चुकलेली मला आठवत नाहीत.

दोन हजार अकराच्या श्रावणात आमचे मालक गोविंदाशेठ मला घेऊन तिच्या घरी गेले. शेठनी तिचं नाव, फोटो आणि चिवड्याची कृती विकत घ्यायची ठरवली होती. मी तराजू घेऊन चुलीपाशी बसलो. ती मूठ भरायची, मी ती मूठ कढईत पडायच्या आधी तोलायचो आणि कागदावर लिहायचो. शेंगदाणे, डाळं, खोबरं, कढीपत्ता, मिरची. समोर खुंटीला लसणाची माळ टांगलेली होती, एकही कुडी न तोडलेली. माझ्या आईच्या घरीसुद्धा कांदेनवमी झाली की चार महिने कांदा-लसूण उंबरा ओलांडत नसे. चातुर्मास आहे म्हणून ही लसूण घालत नाही, हे मला त्या क्षणी कळलं. पण कागद पुरा झाला होता आणि चारच्या आत कारखान्यात परतायचं होतं. मी विचारलं नाही. आणि तिने सांगितलं नाही, कारण शेठ म्हणाले होते "करून दाखवा", आणि श्रावणात जसा करतात तसा तिने करून दाखवला होता.

तिने सही केली. जे मिळालं त्यात खोली झाली, मुलाचं लग्न झालं. शेठनी फसवलं असं ती कधी म्हणाली नाही, मीही म्हणणार नाही.

बिनलसणाचा तो चिवडा तुफान चालला. लसूण नाही म्हणून सगळ्यांना चालायचा, टिकायचाही जास्त. शेठनी कारखाना एका मोठ्या कंपनीला विकला, तिने दुसरीला, आणि आता तो कुठल्याशा परदेशी फंडाकडे आहे. त्या मालकाला चिवडा खाताना कोणी पाहिलेलं नाही. त्याचा चेहरा मी तरी अजून बघितलेला नाही, आणि खरं सांगतो, मला त्याचीच भीती वाटते. शेठला निदान शिव्या तरी घालता यायच्या.

गेल्या दिवाळीच्या आधी केशरबाईच्या मुलाची नोकरी गेली. सून योगिनी सासूला म्हणाली, आई, आपण पुन्हा चिवडा करू. कार्तिकी एकादशी झाली, माळेतला लसूण उतरला, सालासकट ठेचून फोडणीत पडला. साध्या पिशव्या, त्यावर पेनाने लिहिलेलं 'केशरबाई, आंबिवली'. महिन्याभरात कंपनीची नोटीस आली. तुम्ही आमचं नाव आणि आमची कृती वापरताय, बंद करा.

योगिनीने मला बोलावून घेतलं. मी गेलो तेव्हा कढई चुलीवरच होती, आणि सवयीने मी लसणाची मूठही तोलून बघितली. "काका, आईंचं नाव आईंनीच लावायचं नाही? काय चाललंय काय हे?"

केशरबाई मात्र शांत होती. "नाव ऱ्हाऊ द्या त्यांच्याकडं. पिशवीवर काय पन लिहू. पन कढई बंद नको व्हायला, भाऊ. हात बसून ऱ्हायले तर मी जगायची नाय." मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तुमी जावा. नाव काढतो एवढंच सांगा. जास्ती काय बोलू नका."

एवढंच सांगायचं होतं! पण मला शहाणपण सुचलं. कृतीच वेगळी आहे हे दाखवून दिलं की नोटिशीचा पायाच निघेल, असं मला वाटलं. चौदा वर्षांपूर्वीची चूक धुऊन निघेल, असंही वाटलं.

वागळे इस्टेटला जुन्या कारखान्याच्या जागी आता काचेचं ऑफिस आहे. तिथे पाकिटाचं आणि जाहिरातीचं बघणारा नयन नावाचा तरुण भेटला. फार गोड मुलगा. "सर, तुम्ही तर आमचे जुने माणूस," म्हणाला आणि चहा मागवला. त्याच्या मागे भिंतीवर केशरबाईचं ते गोरं चित्र होतं, आणि चित्राला चंदनाचा हार.

"अहो, बाई जिवंत आहेत," मी म्हणालो.

"हो, माहितीये," तो म्हणाला. "पण लोकांना स्टोरीत असंच जास्त टच होतं." हार तसाच राहिला.

तेव्हाच उठायला हवं होतं. पण मी सांगत सुटलो. तुमची कृती श्रावणातली आहे, बाईची खरी कृती लसणाची, मग ती तुमची कशी होईल? नयन ऐकत होता. मग त्याने कागद पुढे ओढला.

"लसूण किती, सर?"

"पोह्यांच्या किलोला एक मूठ. तिची मूठ म्हणजे चाळीस ग्रॅम."

"सोलून?"

"छे! सालासकट. तेल कोमट असतानाच टाकायचा."

तज्ज्ञ म्हणून कोणी विचारलं की म्हाताऱ्या माणसाची जीभ सैल सुटते. त्याने ते टाइप करून आणलं, मी वाचून सही केली. नोटिशीचं बघतो म्हणाला, दारापर्यंत सोडायला आला.

होळीला बाजारात नवं पाकीट आलं. 'केशरबाई – आजीचा असली लसूण चिवडा'. त्याच आठवड्यात आंबिवलीला दुसरी नोटीस आली. मूळ करारात, सही केली त्या दिवशी बाईंना ठाऊक असलेल्या चिवड्याच्या सगळ्या कृती विकल्या गेल्या होत्या, लसणाचीही त्यातच आली, आणि ती बाईंना तेव्हाही ठाऊक होती याचा पुरावा म्हणून सोबत माझा जबाब जोडला होता. खाली माझी सही, ठळक, वळणदार.

मी गेलो तेव्हा योगिनी बाहेर पायरीवर बसली होती. आतून दार ओढलेलं, फोडणीचा वास येत होता. "आईंनी चिवड्याची कढई माळ्यावर टाकली," ती म्हणाली. "आता रोजचा स्वयंपाक करतानाही मला आत येऊ देत नाहीत. काका, मी काय कुणाला सांगणार होते?"

केशरबाईने दार उघडलं. मी पाया पडायला वाकलो तर मागे सरली. "जेवून जावा," एवढंच बोलली. खुंटीवर माळ नव्हती. तिने वांग्याची भाजी वाढली. माझ्या अपराधी जिभेलाही ती इतकी लागली की सव्वीस वर्षांची सवय गप्प बसेना.

"बाई, यात काय घातलंय?"

तिने पातेल्यावर झाकण ठेवलं, पातेलं उचललं आणि आतल्या खोलीत जाऊन कडी लावली.