सतराव्या भागातली चूक

इवासेसानच्या डोक्यावर आता कापण्याजोगं काही उरलेलं नाही, तरी महिन्याच्या पहिल्या मंगळवारी सकाळी नऊच्या ठोक्याला ते माझ्या खुर्चीत हजर. "अहो, काय कापू?" म्हटलं तर म्हणतात, "तामाएसान, वेळापत्रक म्हणजे वेळापत्रक." मग मीही हवेत कात्री चालवते, कचकच आवाज करते आणि गरम टॉवेलाखाली त्यांना दहा मिनिटं गाडून ठेवते. माणूस खूश, मीही खूश.

एकेचाळीस वर्षं त्यांनी आमच्या किनाऱ्यावरची दोन डब्यांची गाडी चालवली. आमच्या शिओमी गावातलं प्रत्येक पोर त्यांच्या गाडीनं शाळेत गेलंय. गाडी चालवणाऱ्यांची एक शिस्त असते. जे तपासायचं त्याच्यावर पांढऱ्या हातमोज्यातलं बोट रोखायचं आणि खणखणीत आवाजात बोलायचं. "सिग्नल हिरवा, ठीक!" "दारं बंद, ठीक!" निवृत्त झाल्यावर हातमोजे उतरले, बोट काही खाली आलं नाही. घरातून निघताना गॅस, ठीक! खिडकी, ठीक! छत्री, ठीक! त्यांची बायको सुमिए कपाळाला हात लावायची. सहा वर्षांपूर्वी ती गेली. आता रोज सकाळी तिच्या फोटोपुढे भाताची वाटी ठेवतात आणि बोट रोखतात, "सुमिए, ठीक!" मी स्वतः खिडकीतून ऐकलंय. हसावं की रडावं ते कळेना, म्हणून घरी येऊन सगळं घर झाडून काढलं.

त्यांना एकुलती एक मुलगी, फुमिनो. चौदा वर्षांपूर्वी ती सरकारी कचेरीतली पक्की नोकरी सोडून टोकियोला मालिका लिहायला निघाली, तेव्हा बापाचा पारा चढला. "लोकांना हसवणं हे काय काम झालं?" स्टेशनवर पोचवायला आले खरे, पण गाडी सुटायच्या आत पाठ फिरवून चालते झाले. फुमी माझ्याजवळ एकदाच बोलली. "मावशी, बाबांनी जन्मभर येणाऱ्याजाणाऱ्या प्रत्येक गाडीला बोट दाखवलं. माझ्याच गाडीला नाही दाखवलं." तेव्हापासून ती नवीन वर्षाला आणि पितरांच्या बोन सणाला येते. बापलेक हवेबद्दल बोलतात, यंदाच्या तांदळाबद्दल बोलतात, आणि तिसऱ्या दिवशी ती परत.

गेल्या वर्षी फुमीची मालिका आली. पाच-पाच मिनिटांचे भाग, फोन उभा धरून बघायचे. एक चक्रम म्हातारा आणि त्याची चाळिशीला टेकलेली मुलगी. म्हातारा निवृत्त ड्रायव्हर, बोट दाखवल्याशिवाय त्याचं पान हलत नाही. फ्रिजला बोट, मांजराला बोट. मुलगी मित्राला घरी घेऊन आली तर त्यालाही नखशिखांत बघून बोट, "जावई, तपासणी बाकी!" अगं बाई, हसून हसून माझ्या पोटात दुखायला लागलं. लेखिकेचं नाव वेगळं घातलं होतं, पण आमच्या गावात कुणाला कळायचं राहिलंय? सगळ्यांनी ओळखलं आणि सगळ्यांनी तोंडाला कुलूप लावलं, कारण फुमीनं मला फोनवर हात जोडले होते. "बाबांना कळलं ना मावशी, की मी त्यांच्यावर लोकांना हसवतेय, तर ते पुन्हा माझं तोंड बघणार नाहीत. आधीच आमच्यात काय धड आहे?"

पण आमचा नेझू! मासळीवाला, गावातला सगळ्यात मोठा भोंगा. एप्रिलातल्या मंगळवारी इवासेसान टॉवेलाखाली होते, नाकाचा शेंडा तेवढा बाहेर. नेझू आला तो फोन नाचवतच.

"तामाए, कालचा भाग बघितलास? म्हातारा न्हाणीतल्या गरम पाण्याला बोट दाखवतो! हुबेहूब आपला इवासे!"

मी डोळे वटारले, वस्तरा हलवला, मानेनं खुर्चीकडे खूण केली.

"तुला काय मुंग्या चावल्या?" म्हणाला तो गाढव. "पण फुमिनो पक्की हं! सख्ख्या बापाला असा उभा केलाय की..."

टॉवेलाखालून आवाज आला, "नेझू, आवाज वाढव जरा."

नेझूचं तोंड बघण्यासारखं झालं. त्यानं मुकाट्यानं आवाज वाढवला. पाच मिनिटं त्या नकली म्हाताऱ्याचं "ठीक! ठीक!" माझ्या दुकानात घुमत राहिलं. इवासेसाननी शेवटपर्यंत टॉवेल काढला नाही. मग उठले, टोपी घातली, दाराकडे बोट रोखलं, पण तोंडातून शब्द निघाला नाही. तसेच गेले.

मी नेझूला काय काय म्हणाले ते इथे सांगण्यासारखं नाही.

फुमीला फोन केला. लपवून काय उपयोग? ती म्हणाली, "संपलं मग. पुढचे भाग नाही लिहीत मी."

मे महिन्याच्या मंगळवारी इवासेसान नऊला आले. मी जीव मुठीत धरून विचारलं, "हवा काय म्हणतेय?" म्हणाले, "ढगाळ." बस, एवढंच. त्या दिवशी मी हवेतली कात्रीसुद्धा जरा लांबूनच चालवली.

जूनच्या पहिल्या सोमवारी, माझ्या सुट्टीच्या दिवशी, फुमी माझ्या मागल्या दाराशी उभी. स्टेशनवरून थेट आलेली, घरी न जाता. चेहरा पांढराफटक. हातात जाडजूड पाकीट. मालिका काढणाऱ्या कंपनीकडे कुणीतरी पत्र पाठवलं होतं, तिथून ते लेखिकेकडे आलं.

"मावशी, तू वाच. मी निम्म्यावरच थांबले. पुढं वाचायची छाती होत नाही."

पाकिटात रेल्वेचे जुने तपासणीचे फॉर्म होते. चौकोनी, ठसठशीत अक्षर. नावाच्या जागी 'एक प्रेक्षक'. प्रेक्षक म्हणे! ते अक्षर शिओमीत शेंबडं पोरही ओळखेल. मी चष्मा लावला आणि मोठ्यानं वाचायला लागले.

"भाग दुसरा. नटाचं कोपर वाकलेलं आहे. अशानं परीक्षेत नापास होईल. भाग पाचवा. आधी बोट, मग शब्द. इथे उलटं केलं आहे. भाग सहावा. कोपर पुन्हा वाकलेलं."

"अगं, हा राग नव्हे," मी म्हटलं. "हे मास्तर पेपर तपासतायत!"

"पुढं वाच," फुमी म्हणाली.

"भाग नववा. बाप मुलीच्या डब्यात मुळ्याचं लोणचं भरतो. मुलीला ते लहानपणापासून आवडत नाही. गोड अंड्याची गुंडाळी हवी होती."

फुमी टेबलाची कड धरून बसली. मी पान उलटलं.

"भाग सतरावा. मुलगी शहरात जाते तेव्हा बाप गाडी सुटायच्या आत पाठ फिरवून घरी जातो, असं दाखवलं आहे. ही चूक आहे. बाप घरी गेला नाही. तो सायकलींच्या शेडमागे गेला, कारण चेहरा लोकांना दाखवण्याजोगा राहिला नव्हता. तिथल्या पत्र्याच्या फटीतून रूळ दिसतात. गाडीचा शेवटचा दिवा वळणाआड जाईपर्यंत त्यानं बोट रोखून धरलं होतं. शब्दही उच्चारला होता. गाडीतून ती जागा दिसत नाही, म्हणून ही लेखिकेची चूक धरू नये."

आणि सगळ्यात खाली, "बाकी सर्व ठीक. पुढचे भाग कधी?"

फुमीनं टेबलावर डोकं ठेवलं आणि लहान पोरीसारखी हमसून हमसून रडली. मीही रडले, लाज कसली? चौदा वर्षं! एका पत्र्याच्या शेडपायी चौदा वर्षं! मग मीच डोळे पुसले आणि तिला दटावलं. "ऊठ. रडायचंच असेल तर घरी जाऊन रड."

"काय बोलू मी त्यांच्याशी?"

"काही बोलू नकोस. भूक लागलीय म्हण."

ती गेली. त्या दोघांत काय बोलणं झालं देव जाणे. मला विचाराल तर हवेबद्दलच झालं असणार. पण जेवताना गोड अंड्याची गुंडाळी होती, एवढं मला फुमीनं नंतर सांगितलं.

दुसऱ्या दिवशी मंगळवार. नऊ वाजले, खुर्ची रिकामी. सव्वानऊ झाले, तरी पत्ता नाही. इतक्या वर्षांत असं कधी झालं नव्हतं. माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. फुमीची परतीची गाडी! दुकानाला कुलूप घातलं आणि ॲप्रनसकट स्टेशनकडे पळाले.

इवासेसान फलाटाच्या मधोमध उभे होते, उघड्यावर, हातात पांढरे हातमोजे घालून. फुमी मागच्या डब्याच्या शेवटच्या काचेशी उभी राहिली होती. दारं लागली. गाडी हलली. म्हाताऱ्यानं हात वर केला, खांद्यापासून बोटापर्यंत सरळ, आणि सगळ्या स्टेशनला ऐकू जाईल असं ओरडले, "फुमिनो, ठीक!"

काचेमागे फुमीनंही बोट रोखलं. आवाज काही ऐकू आला नाही, पण ओठ दिसले. "बाबा, ठीक!"

गाडी वळणाआड गेली तरी इवासेसानचा हात तसाच होता. मग त्यांनी तो सावकाश खाली आणला.

"कोपर वाकलं होतं पोरीचं," म्हणाले.

"आणि तुमचं नाक गळतंय," मी म्हटलं. "चला, केस कापायचेत. उशीर झालाय."

"होऊ दे," इवासेसान म्हणाले, आणि खिशात रुमाल शोधायला लागले.